पेत्रोसच्या नावाचे गहू

साकेलारिसने त्या नटाच्या दोन्ही बगलांत हात घातले आणि त्याला पुन्हा एकदा होडीत ओढून घेतलं. पोराचे ओठ निळे पडले होते, दात वाजत होते, तरी तो हसत होता.

"नीट मेलो का, बार्बा?" बेटावरच्यांसारखाच तोही म्हाताऱ्याला बार्बा, म्हणजे काका, म्हणत असे.

"बरा मेलास," साकेलारिस म्हणाला. "फक्त बुडताना केस मागे सारू नकोस. तेवढी सवड नसते."

त्याने पोराच्या अंगावर घोंगडी टाकली आणि थर्मासमधला डोंगरी चहा ओतून दिला. तेवढ्यात पलीकडच्या मोठ्या बोटीवरून दिग्दर्शिका दानाई कर्ण्यातून ओरडली, की ढग सरकलाय, आणखी एकदा करूया. नटाने पेला परत दिला आणि उसासा टाकून तो पुन्हा पाण्यात उतरला. त्याच्या मागोमाग दोघांनी रबराचा शार्क सोडला.

त्या शार्कने बंदरावरच्या कॉफीच्या टेबलांवर भलतीच करमणूक चालवली होती. एवढा मोठा मासा आपल्या पाण्यात असता तर आपल्या बायकांनी त्याला केव्हाच लसूण लावून तळला असता, असं सर्वांचं मत पडलं होतं. साकेलारिसही त्या हसण्यात सामील व्हायचा. त्याची होडी सिनेमावाल्यांच्या कामाला होती, तो स्वतः कामाला होता, आणि इतरांनी हसायचं नि आपण तेवढं तोंड पाडून बसायचं हे बरं दिसलं नसतं.

सिनेमाची गोष्ट तशी साधी होती. पाच मित्र सुट्टीत शिडाची बोट भाड्याने घेऊन निघतात, वादळात डोलकाठी मोडते, बोट बुडते, आणि मग रबरी तराफ्यावर ऊन, तहान, भांडणं आणि तो शार्क. एकेक जण जातो. बोट चालवणारा पेत्रोस, म्हणजे तो गारठलेला नट, सर्वांत शेवटी जातो. खरं काय घडलं ते मात्र बेटावरच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. सात वर्षांपूर्वी ऑगस्टच्या वाऱ्यात बोट बुडाली. चार पाहुणे तराफ्यावर चढले, आणि त्यांचं वाहून चाललेलं पाण्याचं पिंप आणायला बोट चालवणारा पोहत गेला. पाहुणे पुढे तुर्कस्तानच्या किनाऱ्याजवळ जिवंत सापडले. तो सापडला नाही. त्याचं नाव सेवास्तोस, आणि तो साकेलारिसचा एकुलता एक मुलगा.

दानाई अथेन्सहून परवानगी मागायला आली होती तेव्हा साकेलारिसने तिला अंगणातच थांबवलं होतं.

"माझी काही हरकत नाही, पोरी. मी काय, मी केव्हाच मान्य केलंय. पण माझ्या बायकोसमोर यातलं काही काढू नकोस. तिचा जीव अजून त्याच्यात अडकलाय."

हेच तो सगळ्या गावाला सांगत आला होता. पहिल्याच वर्षी पापा मिखालिस, गावचा पाद्री, घरी येऊन म्हणाला होता, की आता मेलेल्यांसाठी शिजवतात ते गहू शिजवायला हवेत, चर्चमध्ये पोराचं नाव वाचायला हवं. असं त्याला वाऱ्यावर किती दिवस ठेवायचं? थेमेलिनाने नवऱ्याकडे पाहिलं होतं. साकेलारिसने पापाला दाराशी नेलं आणि आवाज खाली आणून सांगितलं, "तिला झेपायचं नाही. थांबू थोडं." तेव्हापासून ते थांबलेच होते. नाव वाचलं गेलं नाही, गहू शिजले नाहीत, थेमेलिनाने काळे कपडे घातले नाहीत. ही गोष्ट साकेलारिसला आतून कुरतडत असे. उद्या आपले डोळे मिटले तर पोराचं एवढं काम कोण करणार, या विचाराने त्याला घास गोड लागत नसे. पण बायकोसाठी त्याने कळ काढली होती.

शनिवारी शूटिंगला सुट्टी होती. नेहमीप्रमाणे त्याने पडवीतल्या मोपेडवरची ताडपत्री काढली, सीट फडक्याने पुसली आणि किक मारली. मोपेड सेवास्तोसची. दर शनिवारी थोडा वेळ चालू ठेवली की बॅटरी उतरत नाही. धूर स्वयंपाकघराकडे गेला तशी आतून थेमेलिनाने खिडकी लावून घेतली. हिच्यासाठी आपण इतकी वर्षं हे करतोय आणि हिला धुराचं पडलंय, असं त्याच्या मनात आलं. बोलला मात्र नाही. तो बोलणाऱ्यांतला नव्हताच.

दुपारी दानाई आली ती कपाळाला हात लावूनच. तिच्यामागे शेजारची पोथिती, कमरेवर हात ठेवून. पोथितीची बंदरावर खानावळ होती आणि कुठल्याही वादात शेवटचा शब्द तिचा असे.

दुसऱ्या दिवशी चर्चच्या अंगणात सिनेमाचं शेवटचं दृश्य घ्यायचं होतं. पेत्रोसची आई गव्हाच्या पुड्या वाटते, गावकरी रांगेने पुढे येतात, पुडी घेतात आणि म्हणतात, देव त्याला क्षमा करो. रांगेत गावातलीच माणसं उभी राहणार होती, साकेलारिससुद्धा. सगळं ठरलं होतं. फक्त गहू शिजवायला एक बाई तयार होत नव्हती.

"सिनेमा आहे हो," दानाई काकुळतीला आली होती. "खोटे गहू."

"खोटे गहू कसे शिजवतात ते तू शिकव मला," पोथिती म्हणाली. "ते पोरगं रोज माझ्याकडे दोन-दोन ताटल्या ऑक्टोपस हाणतंय, आणि मी त्याच्या नावाने गहू शिजवू? उद्या त्याला काही झालं म्हणजे त्याची आई माझ्या झिंज्या उपटेल."

"त्याच्या नावाने नको. पेत्रोसच्या नावाने."

"हा पेत्रोस कुणाचा कोण? जो जन्मलाच नाही तो मरेल कुठून?"

साकेलारिसने घाईघाईने दोघींना फाटकाकडे वळवायला सुरुवात केली. "चला, चला, बंदरावर बोलू आपण."

मागे खिडकी उघडली.

"मी करते," थेमेलिना म्हणाली.

थेमेलिनाने खिडकीच्या चौकटीवरचा एक पिठाचा डाग नखाने खरवडला.

"गहू आहेत घरात. बदाम आहेत. पोथिती, तुझ्या झाडाची दोन डाळिंबं दे."

पोथितीने तोंड उघडलं, थेमेलिनाकडे नीट पाहिलं, आणि मिटलं. "आणते," एवढंच म्हणून ती निघाली. साकेलारिसने तिला एका शब्दावर जाताना आयुष्यात पहिल्यांदाच पाहिलं.

"वर पेत्रोसचं पहिलं अक्षर घालाल ना?" दानाईने विचारलं.

"उद्या बघ कसं होतंय ते."

संध्याकाळी थेमेलिनाने उकडलेले गहू पांढऱ्या चादरीवर पसरले. तिची बोटं दाणे हलकेच पांगवत होती. साकेलारिस दारात उभा राहून बघत होता.

"तुला सोसायचं नाही हे," तो म्हणाला. "नाही सांगून टाकू त्या पोरीला. कॉस बेटावरच्या मिठाईवाल्याकडून मागवेल ती."

"उद्या सकाळी माझ्याबरोबर चर्चमध्ये ये."

"सकाळी बोट येते ना. पेपर आणायला नको?"

"पेपर," थेमेलिना म्हणाली, आणि चादरीची दुसरी बाजू सारखी करायला लागली.

रविवारी सकाळी तो धक्क्यावर गेला. बोटीतून दोर खांद्यावर टाकलेले काही परदेशी गिर्यारोहक उतरले, एक म्हातारी कोंबड्यांची खोकी घेऊन उतरली, कुणाचा तरी फ्रिज उतरला. शेवटचा माणूस उतरून फळी वर जाईपर्यंत साकेलारिस उभा राहिला. दर रविवारी तो तसाच उभा राहत असे. मग त्याने पेपर घेतला, घडी करून काखेत मारला आणि चर्चची वाट धरली.

अंगणात दिवे आणि कॅमेरे लागले होते. प्रार्थना संपून माणसं नुकतीच बाहेर आली होती. सिनेमावाल्यांनी सर्वांना काळे कपडे घालून यायला सांगितलं होतं, त्यामुळे थेमेलिनाच्या अंगावरचा काळा झगा पाहून त्याने मनाची समजूत घातली. आणखी एक गोष्ट त्याला खटकली. सिनेमातल्या पाद्र्याची चिकटवलेली दाढी वाऱ्याने एका गालावरून सुटली होती, आणि कुणीही हसत नव्हतं. शार्कवरून खिदळणारे तेच लोक आज टोप्या हातात धरून उभे होते.

पेत्रोसच्या आईचं काम करणारी अथेन्सची नटी टेबलामागे उभी राहिली. शेजारी पुड्यांची टोपली भरलेली होती. थेमेलिनाने तबक टेबलावर ठेवलं आणि वरचा रुमाल काढला. गव्हावर पिठीसाखर अशी थापली होती, की एक सुरकुती दिसू नये. मधे बदामांचा क्रूस आणि खाली चंदेरी गोळ्यांनी काढलेलं एक अक्षर.

"थेमेलिनाबाई," दानाई पुढे झाली, "हे पेत्रोसचं 'पी' नाही. हा तर सिग्मा..." सेवास्तोसचं पहिलं अक्षर. ती तिथेच थांबली. तिने थेमेलिनाकडे पाहिलं, मग साकेलारिसकडे. मग वळून कॅमेरावाल्याला हळूच म्हणाली, "तबक नको. नुसते चेहरे घे."

रांग सुरू झाली. नटी पुडी देत होती, माणसं पुडी घेत होती, आणि तिला ओलांडून दोन पावलं पुढे जात होती. तिथे कॅमेऱ्याबाहेर थेमेलिना उभी होती. तिचा हात हातात घेऊन जो तो म्हणत होता, "देव त्याला क्षमा करो." कॉफीच्या टेबलावरचे म्हातारे म्हणाले. पोथिती म्हणाली, आणि तिने बाहीला डोळे पुसले. सिनेमात असं नव्हतं. दानाईने कुणाला अडवलं नाही.

साकेलारिसची पाळी आली. पुडी हातात पडली. ती अजून कोमट होती, की त्याचाच हात तापला होता, कोण जाणे. तो थेमेलिनासमोर उभा राहिला. चार शब्द. गेली सात वर्षं हे चार शब्द म्हणता यावेत म्हणून तो झुरला होता, असं तो स्वतःला सांगत आला होता. त्याने तोंड उघडलं. समोर बायको वाट बघत होती. मागे रांग थांबली होती. त्याने पुडी मुठीत आवळली, रांग सोडली आणि तुतीच्या झाडाखालच्या कट्ट्यावर जाऊन बसला.

थोड्या वेळाने थेमेलिना त्याच्या शेजारी येऊन बसली.

"पापाने सकाळी नाव वाचलं," ती म्हणाली.

"मला न सांगता?"

"बोलावलं होतं. तू पेपर आणायला गेलास."

साकेलारिसने काखेतला पेपर काढून बाजूला ठेवला. त्याच्या आवाजाला धार आली. "तुला झेपणार नाही म्हणून थांबलो मी. सात वर्षं!"

थेमेलिना चिडली नाही. तिने झग्यावरची पिठीसाखर झटकली.

"मी तुझ्यासाठी थांबले होते, साकेलारिस. तू पापाला दाराशी घेऊन गेलास ना, तेव्हाच समजलं मला. म्हटलं, याला थोडा वेळ देऊ."

"आणि मोपेड? ती कुणासाठी—"

"मी कधी सांगितलं होतं? धुराने माझे डोळे चुरचुरतात. पण शनिवारी तेवढा वेळ तुझा चेहरा बरा दिसायचा. म्हणून खिडकी लावून घ्यायचे."

तो आठवू लागला. आपल्याला झेपणार नाही असं ती कधी म्हणाली होती, कुठे उभी राहून म्हणाली होती, नेमके कोणते शब्द होते. त्याला काही सापडेना. आठवत होती ती फक्त लावलेली खिडकी.

"मग आजच का?" त्याने विचारलं.

"चर्चमध्ये तू आला नसतास. सिनेमासाठी का होईना, त्या रांगेत उभा राहशील हे ठाऊक होतं. आणि गहू कुणाच्या तरी नावानेच शिजवायचे असतात. परक्याच्या नावाने माझा हात चालला नसता."

अंगणाच्या मधोमध तो बुडणारा नट पुडीतले गहू खात उभा होता. त्याला कुणी तरी सांगितलं असावं, कारण खाता खाता त्याने थेमेलिनाच्या दिशेने मान लववली. दानाईने लांबून हात उंचावला. ऊन चांगलं होतं, आणखी एकदा घ्यायचं होतं. साकेलारिसने तिला थांबायची खूण केली.

त्याने पुडी उघडली आणि गहू तळहातावर ओतून तोंडात टाकले. गहू मऊ शिजले होते. दाताखाली डाळिंबाचा दाणा फुटला. त्याने सावकाश चावून गिळलं. सात वर्षांत त्याने ते नाव एकदाही उच्चारलं नव्हतं. "तो" म्हणायचा, "पोरगा" म्हणायचा, नाहीतर नुसता हात करायचा समुद्राकडे.

"देव आपल्या सेवास्तोसला क्षमा करो," तो म्हणाला.

थेमेलिनाने त्याच्या मिशीवर लागलेली साखर अंगठ्याने पुसली. तुतीची पानं कट्ट्यावर पडत होती आणि कुणी ती झाडत नव्हतं.

"ती मोपेड," जरा वेळाने साकेलारिस म्हणाला, "बॅटरी एकदम चांगली आहे तिची. ज्याला देऊ, त्याला आजच चालवत नेता येईल."