पाठराखीण

धुरपताबाईला पोरींच्या खेळाचा मनापासून राग. ती स्वतः सातव्या वर्षी बोहल्यावर चढली आणि पुढच्याच वर्षी सासूनं तिच्या हातात मुसळ दिलं; बाहुली काय ती तिनं दुसऱ्यांच्या पोरींच्या हातात पाहिली. त्यामुळे अंगणात चार पोरी जमल्या की तिच्या कपाळाला आठी पडलीच म्हणून समजा. “रिकामा न्हावी भिंतीला तुंबड्या लावी,” असं म्हणत ती एकीला शेण गोळा करायला धाडायची आणि दुसरीपुढे तांदळाचं सूप ठेवायची.

पण अकतीपुढे तिचंही काही चालत नसे. अक्षय तृतीयेला, म्हणजे इकडच्या अकतीला, पोरी बाहुला-बाहुलीचं लग्न लावायच्या. त्यांना अडवायचं म्हणजे सणालाच अडवायचं. आदल्या दिवशी तिच्या धाकट्या रामीनं घरामागच्या बाडीत, जांभळाखाली, आंब्याच्या डहाळ्यांचा मांडव घातला.

रामी आठ वर्षांची. थोरली सुमित्रा तीन कोसांवर, बोदलकशाच्या तलावाकडे दिलेली. लहान पोरींची लग्नं बंद करायचा कायदा येतोय म्हटल्यावर गावोगाव जी धांदल उडाली, तिच्यात सुमित्राचंही उरकलं होतं. दोन वर्षांपूर्वी ती नांदायला गेली. यंदा शिमग्याला माहेरी आली, आणि परत जाताना रीतीप्रमाणे धाकटीला पाठराखीण म्हणून सोबत धाडलं. महिनाभर राहून रामी परवाच परतली होती.

परतली ती गप्प होऊन. एरवी हिच्या तोंडात तीळ भिजायचा नाही. शेजारणीच्या गाईनं शिंग हलवलं तरी ही चार घरी सांगून यायची. आता काही विचारलं की “बाई बरी हाय,” एवढंच; थोरल्या बहिणीला ती बाई म्हणायची. पोरीला ऊन बाधलं असं समजून धुरपताबाईनं तिला कैरीचं पन्हं पाजलं आणि विषय संपवला.

पितरांना पाणी द्यायच्या नव्या घागरी ती मागच्या दारी धूत होती. पोरींना उद्यापर्यंत दम कुठला, मांडवात आजच लग्न चाललं होतं. पोरींना लग्नाचीच हौस. गूळ वाटायचा, गाणी म्हणायची, नवरी रडवायची की खेळ संपला. रामीनं मात्र लग्न फुंकर मारल्यासारखं उरकलं आणि घाईघाईनं सासर मांडायला घेतलं.

“ऊठ व, पांढऱ्या पायाची. माहेरून आली आन् आठ दिवसात बैल खाल्ला माह्या लेकाचा. आता आमालेच खाजो.”

धुरपताबाईचा हात घागरीवर थांबला. आवाज रामीचा होता, पण बोलणं आठ वर्षांच्या पोरीचं नव्हतं.

“हा कोनता खेल व?” शेजारची सुलोचना कंटाळून म्हणाली. “चाल न, वरात काढू.”

रामीला वरात नकोच होती. तिनं चिंध्यांच्या नवरीला सगळ्यांच्या मागून जेवायला बसवलं, पानात काही वाढलं नाही, आणि पान उचललंही. मग फुटक्या माठाचा गळा जमिनीवर ठेवून त्याची विहीर केली आणि नवरीला तिच्या काठावर बसवलं, पाय आत सोडून. नवरीचा पदर तिनं मागून मुठीत धरला. सुलोचना उठून गेली तरी ही तशीच बसून होती.

धुरपताबाई जवळ आली. “नवरीले कोनी विहिरीवर बसवते का?”

“बसते.”

“पडन न आत.”

“नाही पडत. मी धरली हाय,” रामी म्हणाली, मान वर न करता.

त्यानंतर धुरपताबाईचा पाय एका जागी ठरेना. ओसरीवर जाई, का आले ते विसरे, परत येई. दूध उतू गेलं. धुतलेल्या घागरी तिनं पुन्हा धुतल्या. आपण आपलं मनात काहीबाही आणतोय, असं स्वतःला दटावलं, आणि दटावून झाल्यावर पुन्हा मागच्या दारी जाऊन उभी राहिली.

संध्याकाळी नवऱ्याला, केशोरावला, जेवायला वाढताना तिनं विषय काढला. केशोराव सरळ माणूस होता, आणि सरळ माणसांना वाकडं काही दिसतच नाही, ही त्यांची मोठी सोय असते.

“लेकरायचा खेल तो,” तो म्हणाला. “तू काऊन जीवाले लावून राहिली? घरोघरी मातीच्याच चुली. सासू म्हटली का बोलनारच.”

“पन त्यायचा बैल मेल्याचं तुमाले माहीत होतं?”

“नाही.”

“मलेही नाही. मंग हिच्या खेलात तो कुठून आला?”

केशोरावनं हात धुतला आणि उद्याच्या पूजेला पळसाची पानं आणली का, ते विचारलं.

तिनं रामीला जवळ घेऊन सरळच विचारलं. रामी ताठ झाली. तिचा हात आपसूक गळ्याशी गेला आणि ती म्हणाली, “काही नाही माय.” तो हात पाहून धुरपताबाईला उमगलं. पोरीला कुणीतरी गळ्याची शपथ घातली होती. सासूची शपथ रामीनं तिसऱ्या दिवशी मोडली असती. जिची शपथ एवढी पाळावी असं एकच माणूस तिला होतं, तिची बाई. आता मारलं तरी ही बोलणार नव्हती, आणि बोलायला लावणं म्हणजे शपथ मोडून आपण बाईचा जीव घेतला, असं तिला जन्मभर वाटायला लावणं. काय करावं ते तिला सुचेना. रात्रभर तिचा जीव टांगणीला लागला होता.

सकाळी अकती उजाडली. घागरी भरायच्या होत्या, पुरण वाटायचं होतं. जांभळाखाली रामी एकटीच खेळत होती. धुरपताबाई ओल्या हातानं मांडवात शिरली आणि मातीत फतकल मारून बसली. जन्मात कधी न केलेलं काम ते, तिला पदर कुठं ठेवावा हेही कळेना.

“मी बी खेलतो,” ती म्हणाली. “मी नवरीची माय. लेकीले भेटाले आलो.”

 रामी बाजूला सरकली. “या विहीनबाई. बसा.”

“माही लेक कुठं हाय?”

“काम करून राहिली.”

“आन् दुपारी तुमी सारे झोपता, तवा काय करते?”

रामीनं सासूचा आवाज टाकला. नवरीला उचलून तिनं माठाच्या गळ्यावर बसवलं.

“पानी भरते का तिथं?”

“नाही. बादली नेत नाही. नुसती बसते. पाय आत सोडते.”

“मंग?”

“मंग तिची बहीन येते. मांगून पदर धरते. नवरी म्हनते, सोड, जाय, खेल. बहीन सोडत नाही. मंग लय वेळानं नवरी उठते.”

“रोज?”

“रोज.”

बाहुलीचा पदर एकाच जागी मळला होता, रामीच्या मुठीएवढा. धुरपताबाईनं तो पाहिला, आणि पुढचा प्रश्न विचारायची तिला भीती वाटली. तरी विचारला.

“आन् बहीन आपल्या घरी निघून आली तं? मंग पदर कोन धरते?”

रामीनं बाहुलीचा पदर पुन्हा मुठीत धरला. “ते मले खेलता येत नाही, माय. मी तं इथं हावो न.”

धुरपताबाई उठली. पोर मागे धावली. “माय, शप्पत मोडली का व?”

“नाही मोडली,” ती वळून म्हणाली. “तू सांगितलंच कुठं? आपन खेलत होतो.” आणि पोरीला छातीशी धरून तिनं तिची टाळू हुंगली. एवढ्याशा मुठीत आपण काय सोपवलं होतं, या विचारानं तिला स्वतःचाच संताप आला.

अंगणात येऊन तिनं म्हाताऱ्या गड्याला, बकारामला, बंडी जुंपायला सांगितलं. केशोराव पूजेच्या पाटावरून उठला.

“सनाच्या दिवशी? बिनबोलावता? लोक काय म्हनतील? आन् पितरायचं पानी कोन देईन?”

“पितर थांबतीन,” धुरपताबाई म्हणाली. “त्यायचं मरून झालं हाय.”

वैशाखाच्या त्या उन्हात कोणी बैल जुंपत नाही. रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं. बकाराम मोहाच्या झाडाखाली बैल थांबवायचं म्हणाला तेव्हा तिनं त्याच्या हातातला कासरा ओढला आणि बैलांना स्वतःच हाकू लागली. दुपार होऊ नये एवढंच ती मागत होती, आणि ऊन तर डोक्यावर येतच होतं. तलावाचं पाणी दिसू लागलं तेव्हा पाणी दिसण्याचाच तिला राग आला.

व्याह्याचं घर जेवून निजलं होतं. तिनं दार वाजवलं नाही. कुडाला वळसा घालून ती मागच्या बाडीत शिरली.

सुमित्रा विहिरीच्या काठावर बसली होती, पाठमोरी. पाय आत. बाजूला बादली नव्हती.

धुरपताबाईच्या तोंडाशी हाक आली, ती तिनं गिळली. हाक मारली आणि पोर दचकली तर? काय करायचं ते तिला रामीनं सकाळीच खेळात शिकवलं होतं. चपला काढून ती अनवाणी तापल्या मातीवरून पुढे गेली, लेकीच्या मागे टेकली आणि पदराचं टोक मुठीत धरलं.

सुमित्रानं वळून पाहिलं नाही. तिचा खांदा मात्र हळूच सैल पडला.

“कवा आली व रामी?” ती म्हणाली. “सोड. जाय, खेल.”

धुरपताबाईनं पदर सोडला नाही.