आरशातली वेणी

आरशातली ती वेणी मोगऱ्याची की शेवंतीची, हे पडद्यावर कितीही मोठं करून पाहिलं तरी कळत नव्हतं — काळ्यापांढऱ्या फोटोत सगळी फुलं सारखीच — पण मधुराने मोगराच धरून टाकला होता. ह्या तीन वर्षांच्या मुलीला तिने मनाने आणखीही बरंच काही बहाल केलं होतं. पपांच्या पेटीत हा फोटो सापडून आठ महिने झाले. परकर-पोलकं, स्टुडिओतलं उंच स्टूल, वेणी दिसावी म्हणून पाठीमागे मुद्दाम ठेवलेला आरसा, आणि फोटोच्या मागे नुसतं साल, १९५०. पुढच्या एकाही फोटोत ही मुलगी नाही. म्हणजे पपांची बहीण... लहानपणीच गेलेली, घरात जिचं कुणी नावही काढत नाही. आणि हनुवटी तर थेट माझीच! त्या हनुवटीवर मधुराने घराण्यावरचा अख्खा माहितीपट उभा केला, आणि पपांना मात्र एका शब्दाने विचारलं नाही. अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी माणसाची जखम कशाला उकरायची? हा आपला समंजसपणा तिला फार आवडायचा.

पण शुक्रवारी फिल्म महोत्सवाला पाठवायची, आणि पपांच्या तोंडचं एक वाक्य तरी हवंच. म्हणून आज गिरगावातल्या घरात सकाळीच कॅमेरा लागला. पपा इस्त्रीचा शर्ट घालून बसले, आई शेजारी मटार सोलत. मधुराने फोटो पुढे केला.

"पपा, हिच्याबद्दल... जमेल तेवढंच सांगा."

पपांनी चष्मा कपाळावर सरकवला. "हिच्याबद्दल? अगं, हा मी!"

"तुम्ही?"

"जावळाच्या आदल्या दिवशीचा. केस जाणार म्हणून माझ्या आईने हौस भागवून घेतली. आमच्यात सगळ्या मुलग्यांचे असे फोटो असायचे."

"मला लग्नाआधी सासूबाईंनी पहिला हाच दाखवला," आई म्हणाली. "म्हणे, बघ नलू, तुझ्याहून लांब केस होते."

मधुरा हसत सुटली, डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली — आणि हसता हसताच थांबली. ती मुलगी गेली... म्हणजे नव्हतीच, मग हे इतकं रिकामं का वाटतंय? नव्हती तिच्यासाठी हळहळायचं तरी कसं, आणि शुक्रवारी पाठवायचं काय?

"मला वाटलं, तुमची लहानपणीच गेलेली बहीण..."

"म्हणजे तुझ्या सिनेमात मी मेलो होतो की काय?" पपांनी विचारलं.

"गोवराने."

"अरेरे. रडलीस?"

"दोनदा."

पपा खूश झालेले स्पष्ट दिसले. कॅमेरा चालूच होता. तिच्या वहीत त्या मुलीसाठी पानभर प्रश्न होते — काय आवडायचं, कशाची भीती वाटायची, कुणाच्या कुशीत झोपायची... पपांना तिने असं कधी काही विचारलंच नव्हतं. पपा म्हणजे पपा, त्यात विचारायचं काय! आता विचारावं म्हणून तिने तोंड उघडलं, आणि जन्मात पहिल्यांदाच तिला आपल्या वडिलांसमोर अनोळखी माणसासमोर वाटावा तसा संकोच वाटू लागला, आणि बरंही वाटू लागलं.