ताईंच्या गालातली वीज

मित्रांनो, मी एक जुनी चौकट आहे. तसबिरीची नव्हे, दारा-खिडकीचीही नव्हे. मला माणसाच्या डोक्याभोवती बसवत असत. ऐकून दचकलात ना? मला पहिल्यांदा पाहणारे सगळेच दचकत.

एका कारखान्यात अ‍ॅल्युमिनियमच्या ठोकळ्यातून मला कोरून काढले. वजनाने हलकी, पण कधी वाकणार नाही अशी. माझ्या कोपऱ्यांना खांब बसवले आणि खांबांना टोकदार स्क्रू. मला तपासणारा कारागीर केसाइतकाही फरक चालवून घेत नव्हता. पुन्हा पुन्हा मोजायचा, पुन्हा पुन्हा घासायचा. मला त्याचा राग यायचा. एवढा काटेकोरपणा कशाला, हे रुग्णालयात आल्यावर कळले.

तिथे भिंतीएवढे एक यंत्र होते. त्यातून शेकडो बारीक किरण निघत आणि सगळे एकाच ठिपक्यावर येऊन मिळत. एकटा किरण दुबळा असे, वाटेत फारशी इजा करत नसे. पण सगळे जिथे भेटत, तिथे सुरीविना शस्त्रक्रिया होई. तिला रेडिओसर्जरी म्हणत. डोके जरासे हलले तरी नेम चुकणार, आणि तो नेम मेंदूच्या अगदी उंबऱ्याशी धरलेला असे. म्हणून आधी कपाळ सुन्न करत आणि स्क्रू पिळून मला घट्ट बसवत. डोके हलू न देणे, हे माझे काम.

तिथल्या सिस्टर मला ‘मुकुट’ म्हणत. “चला, आज कुणाचा राज्याभिषेक?” असे त्यांनी विचारले की घाबरलेला पेशंटही कसनुसा का होईना, हसायचा.

ताई मात्र हसल्या नाहीत. त्यांना हसता येत नव्हते.

त्या बालवाडीच्या बाई. चेहऱ्याची उजवी बाजू ओढणीने झाकून आल्या होत्या, पण ओढणी गालाला लागू नये म्हणून एका हाताने दूर धरलेली. उजव्या बाजूचे केस कित्येक दिवस विंचरले नव्हते. बोलायच्या त्या डाव्या ओठाच्या कोपऱ्यातून, मोजके, दबकत. बरोबर त्यांचा धाकटा भाऊ होता. स्वतः दातांचा डॉक्टर, केस पिकलेला, पोट सुटलेला माणूस. पण ताई त्याला ‘छोट्या’च म्हणत.

त्यांचे दुखणे मला डॉक्टरीणबाईंच्या बोलण्यातून समजले. चेहऱ्याला लागलेला वारा, पाणी, कुणाचा हात, हे सगळे एक नस मेंदूला कळवते. ताईंच्या त्या नसेला एक रक्तवाहिनी टेकून राहिली होती. तिच्या ठोक्यांनी नसेचे आवरण झिजले होते. मग वाऱ्याची झुळूक आली तरी नस मेंदूला ‘वीज पडली’ म्हणून कळवायची. डोके उघडून ती रक्तवाहिनी दूर करता आली असती, पण ताईंचे हृदय कमजोर होते. गोळ्या वाढवल्या तर तोल जायचा, मुलांना गाणे शिकवता शिकवता पुढची ओळच आठवायची नाही. म्हणून त्या माझ्याकडे आल्या होत्या.

स्क्रू पिळताना भल्याभल्यांच्या डोळ्यांत पाणी येते. ताईंनी हूं की चूं केले नाही.

“दुखतंय का हो?” सिस्टरनी विचारले.

“हे?” ताई म्हणाल्या. “याला दुखणं नाही म्हणत, बाई.”

एमआरआय झाला. आता डॉक्टरीणबाई पडद्यावर ती नस शोधून किरणांचा हिशेब मांडत होत्या. त्याला वेळ लागतो. तोवर पेशंटने माझ्यासह बाहेरच्या खोलीत बसून राहायचे. ताई पाठ ताठ करून खुर्चीत बसल्या. छोट्या समोर बसला. कधी माझ्याकडे बघे, कधी आपल्या बुटांकडे.

“मुलं आठवण काढतात तुझी,” तो म्हणाला. “शाळेवरून आलो परवा.”

“ती काढते का?”

‘ती’ कोण, हे छोट्याला विचारावे लागले नाही. एक चिमुरडी होती. लाडात येऊन तिने मागून ताईंचा गाल दोन्ही हातांत धरला होता. वीज कडाडली आणि ताईंनी तिला झटकून दिले. पोर बाकावर आपटली, ओठ फुटला. जन्मात कुणा मुलावर हात न उगारलेल्या ताई त्या दिवशी घरी गेल्या, त्या परत बालवाडीत गेल्याच नाहीत.

“ती मोठ्या शाळेत गेली गं आता.”

इतक्यात कुणीतरी दार उघडले आणि थंड हवेचा झोत आत आला.

मित्रांनो, मी धातूची आहे, मला वेदना कळत नाही. पण कवटी कशी ताठरते ते मला कळते. ताईंचा जबडा आवळला, मान लाकडासारखी झाली, माझे खांब थरथरले. आवाज मात्र नाही. ओरडले तर गाल हलतो, म्हणून त्या ओरडायला विसरल्या होत्या. छोट्या उठला. हात पुढे नेले, पण ते ठेवायचे कुठे? गालावर ठेवता येत नव्हते आणि डोक्यावर मी होते. दोन्ही हात तसेच हवेत धरून तो उभा राहिला.

कळ ओसरली. ताईंनी डोळे उघडले.

“ताई, एक सांगायचंय.”

“आता?”

“आत्ताच. नंतर माझी हिंमत होणार नाही.” तो त्यांच्या खुर्चीशी खाली बसला. “तू दाढ दुखते म्हणून आलीस, मी काढली. मग पुढची काढली. दोन्ही चांगल्या निघाल्या. कीड नाही, पू नाही, काही नाही. तिसरी काढताना मला शंका आली होती. हे दाताचं नाही, असं वाटलं होतं.”

“मग?”

“तू म्हणालीस काढ, आणि मी काढली. ‘मला कळत नाही, दुसऱ्याला दाखवू’ असं म्हणायची लाज वाटली. तुझ्यासमोर.”

ताईंनी माझ्या खांबांमधून त्याच्याकडे रोखून पाहिले.

“शंका आली होती तर थांबायचं होतंस, छोट्या,” त्या म्हणाल्या. “सगळं घर म्हणायचं, हिची नाटकं आहेत. मलाही तसंच वाटायला लागलं होतं. दात काढूनही दुखतं म्हणजे मीच वेडी. तू एकदा ‘कळत नाही’ म्हणाला असतास, तर मी वेडी नाही एवढं तरी मला कळलं असतं.”

सिस्टर बोलवायला आल्या आणि ताई उठून चालू लागल्या. त्याने आधाराला दिलेला हात त्यांनी धरला नाही.

आत मला यंत्राच्या पाळण्यात अडकवले. पाळणा सरकला. किरण दिसत नाहीत, त्यांचा आवाज नाही, चटका नाही. ताई छताकडे बघत पडून होत्या.

“सुरू झालं का?” त्यांनी विचारले.

“अर्धं झालंसुद्धा,” भिंतीतल्या स्पीकरमधून डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

ताईंच्या कानावरून अश्रूंचा एक ओघळ माझ्या कडेपर्यंत आला. भीतीचा की रागाचा, कोण जाणे.

मला काढले तेव्हा त्यांच्या कपाळावर रक्ताचे दोन ठिपके होते. त्यांनी पहिला प्रश्न विचारला, “थांबेल ना आता?”

“लगेच नाही. काही आठवडे जातील, कदाचित महिने. गोळ्या बंद करू नका. आणि आधी सांगितलं तेच पुन्हा सांगते, सगळ्यांनाच गुण येत नाही. काहींचा गाल बधिर होतो.”

ताईंचा चेहरा पडला. सगळ्यांना कळ तिथेच पुसून हवी असते. बहीणभाऊ एकमेकांशी न बोलता बाहेर पडले. मला पुसून कपाटात ठेवण्यात आले.

मध्ये बरेच महिने गेले. एक दिवस तपासणीसाठी ताई आल्या आणि सिस्टरना भेटायला आमच्या खोलीत डोकावल्या. मी आधी ओळखलेच नाही. केस नीट विंचरलेले, अंगावर मूठभर मांस आलेले. सांगत होत्या, एका सकाळी तोंड धुतले आणि टॉवेल हातात घेतल्यावर लक्षात आले की आपण दोन्ही गालांवर पाणी मारले. मग तिथेच मोरीत बसून रडल्या.

“म्हणजे गुण आला की हो!” सिस्टर म्हणाल्या.

“आला. पण गाल माझा राहिला नाही. बालवाडीत पुन्हा जाते, तर परवा पोरांनी चिखल लावला गालाला. सगळा वर्ग खिदळतोय आणि मला पत्ताच नाही.” त्या क्षणभर थांबल्या. “ती मुलगी दिसते कधी रस्त्यात. आईच्या मागे लपते. त्यावर कुठे औषध आहे?”

छोट्या दाराशी उभा होता. दोघे एकमेकांशी बोलू लागले होते की नाही, मला कळेना. सिस्टरनी चहा-बिस्किटे आणली. ताई खाऊ लागल्या. बिस्किटाचा चुरा उजव्या ओठाखाली चिकटला. त्यांना त्याची जाणीवही नव्हती. छोट्याने आपल्याच ओठाखाली बोट लावले. ताईंनी त्याच्याकडे पाहिले आणि रुमालाने ओठ पुसला. पुन्हा चिकटला, त्याने पुन्हा बोट लावले, त्यांनी पुन्हा पुसला. दोघांना याची सवय झालेली दिसत होती. माफीचा शब्द मी ऐकला नाही. माफी मागून झाली असेल किंवा नसेलही.

पुढे रुग्णालयात नवे यंत्र आले. ते डोके धरायला चेहऱ्याच्या मापाचा मऊ मुखवटा वापरते, स्क्रू लागत नाहीत. पेशंटचे त्यात भलेच आहे, त्याची मला असूया नाही. मी आता सामानाच्या खोलीत, तुटक्या स्टँडच्या मागे पडून आहे. धूळ बसली आहे. सिस्टरही निवृत्त झाल्या. ‘मुकुट’ म्हणणारे कोणी उरले नाही.

मित्रांनो, मला पुसा, मला जपा, असे मी म्हणणार नाही. पण माझ्यात बसून गेलेल्या कितीतरी माणसांच्या वतीने एक मागते. पाय मोडला तर प्लास्टर दिसते, ताप आला तर अंग भाजते. काही दुखणी मात्र कुणालाच दिसत नाहीत. तुमच्या घरात कोणी जेवताना मध्येच थिजले, तोंडाला हात लावू देईना, तर ‘नाटकं पुरे’ म्हणू नका. त्याच्याजवळ बसा. आणि आपल्याला कळत नसेल, तर ‘मला कळत नाही, पण तुला दुखतंय हे खरं’, एवढे मोठ्याने म्हणा.