मिसेस बेकफर्ड यांची पुढची खोली

आसावरी केतकरशी लग्न जमलं तर प्रणव उपासनीच्या पदरात काय काय पडणार, हा हिशेब त्याने हार्ल्सडेन ते हॅरो या रोजच्या ट्रेनमध्ये इतक्यांदा मांडला होता की स्टेशनांची नावं आणि फायद्यांची नावं डोक्यात एकमेकांत मिसळून गेली होती. पहिली जमा म्हणजे या देशात राहायला मिळणं; आसावरी इथलीच नागरिक. त्याचं वर्क परमिट कंपनीच्या नावाला बांधलेलं, आणि प्रोजेक्ट उन्हाळ्यात गुंडाळणार अशी कुजबुज ऑफिसच्या केटलपर्यंत येऊन पोचलेली. प्रोजेक्ट गेला की परमिट गेलं, परमिट गेलं की पुणे, आणि पुणे म्हणजे 'तो लंडनला होता ना मध्ये?' असा भूतकाळ. दुसरी जमा, पिनरसारख्या सुखवस्तू उपनगरातले सासरे. तिसरी, खुद्द आसावरी. ती यादीत तिसरी यावी याचं त्याला वाईट वाटायचं. क्रम बदलावा इतकं मात्र नाही.

खर्चाच्या बाजूला एकच थाप होती. तीही छोटी, आणि देऊन झालेली.

त्याचं असं झालं, की मंडळाच्या गणपतीत पुरुषोत्तम केतकरांनी त्याला विचारलं, "राहता कुठे?"

"हार्ल्सडेनला."

केतकरांच्या हातातला मोदक तोंडाजवळच थांबला. "अहो, पण तिथे सगळे काळे..."

"घर घेतलंय तिथे," प्रणव म्हणून गेला. "स्वस्तात मिळालं. एरिया वर येतोय."

मोदक आत गेला. हार्ल्सडेनला भाड्याने राहणारा मुलगा बिचारा असतो आणि तिथेच घर घेणारा दूरदृष्टीचा, हे केतकरांच्या चेहऱ्यावर लख्ख उमटलं. मग कोणी पाहिलंच तर पंचाईत नको म्हणून प्रणवने पुस्ती जोडली, "एक म्हातारी आहे घरात. जुनी भाडेकरू."

खरं तर घर म्हातारीचं होतं आणि मागची वरची खोली तेवढी प्रणवची, तीही गरम पाणी जपून वापरायच्या अटीवर.

मिसेस आयसिल्डा बेकफर्ड जमैकाच्या. बिस्किटांच्या कारखान्यात उभं आयुष्य पॅकिंगला काढलेल्या, नवऱ्याला केन्सल ग्रीनच्या दफनभूमीत पोचवून आलेल्या, आणि आता रोज सकाळी पायरी घासून पुसणाऱ्या. त्यांच्या घरात एक पुढची खोली होती. तिथे रोज कोणी बसत नसे. सोफ्यावर प्लास्टिकची कव्हरं, साखरेच्या पाण्यात बुडवून ताठ उभे केलेले क्रोशाचे रुमाल, काचेचे मासे, रेडिओ आणि रेकॉर्डची तबकडी एकाच पेटीत असलेला, फळीएवढा लांब रेडिओग्राम, आणि भिंतभर फोटो. आपल्याकडे देवघरात पारोशाने जाऊ नये म्हणतात, तसं इथे मुलांनी विनाकारण शिरू नये असा नियम होता. मुलं मोठी होऊन मिल्टन कीन्सला गेली तरी नियम जागचा हलला नव्हता.

त्याला कारणही होतं. त्या नव्याने इंग्लंडात आल्या, तेव्हा पहिल्याच रविवारी कोपऱ्यावरच्या चर्चमध्ये गेल्या होत्या. प्रार्थना संपल्यावर पाद्रीसाहेबांनी दारात हात हातात घेतला, आल्याबद्दल आभार मानले, आणि पुन्हा येऊ नका म्हणून गोड शब्दांत सांगितलं. इतर मंडळींना अवघडल्यासारखं होतं म्हणाले. पुढे घर झाल्यावर मिसेस बेकफर्ड यांनी याच खोलीत प्रार्थना भरवली. स्वयंपाकघरातल्या खुर्च्या, शेजाऱ्यांच्या खुर्च्या, उलटे घातलेले खोके. कित्येक वर्षांनी त्या मंडळींचा स्वतःचा हॉल झाला. पण पोरीबाळींची लग्नं ठरायची ती याच सोफ्यावर, आणि कोणी गेलं की माणसं भेटायला यायची तीही इथेच.

केतकरांचा फोन आला. "रविवारी घर बघून जातो म्हणतो. मीनाक्षी आणि आसावरीही येतील."

मुलीकडच्यांनी मुलाचं घर बघावं ही आपली जुनी रीत. प्रणवला रीत आठवली, फक्त फार उशिरा.

मिसेस बेकफर्ड इस्त्री करत होत्या. रविवारी त्या चर्चला गेल्या की संध्याकाळपर्यंत येत नसत, तेवढ्यावर त्याने बेत आखला होता. "पाहुणे येणार आहेत," तो म्हणाला, "लग्नाचं बघायला. तुमची पुढची खोली थोडा वेळ मिळेल का?"

त्यांनी इस्त्री उभी केली. "मुलीचे आईबाप?"

"हो."

"आणि तुझ्या बाजूने कोण बसणार?"

"कोणी नाही. मीच."

"आई तिकडे, बाप तिकडे, आणि पोरगा बसणार एकटा! पोराला कोणी वालीच नाही म्हणतील ना ते." त्यांनी इस्त्रीची वायर गुंडाळायला घेतली. "चर्चला मी सकाळीच जाऊन येते. मी बसेन."

"अहो, तुम्ही कशाला त्रास..."

"त्रास? त्या खोलीत मी सात पोरींची लग्नं जुळवलीत. तुझं काय अवघड आहे?"

मांजराने उंदराला धरावं तर उंदीर निदान धडपडतो. इथे प्रणवला मायेने धरलं होतं, धडपडायलाही जागा नव्हती.

रविवारी दार उघडलं मिसेस बेकफर्ड यांनीच. जांभळा पोशाख, गळ्याशी ब्रोच. मीनाक्षीताईंनी कोट काढून त्यांच्या हातात दिला. इंग्लंडात घरमालकीणही पाहुण्यांचा कोट घेते आणि कामाची बाईही; त्यामुळे पहिली चूक कोणाच्याच लक्षात आली नाही. तिघांनी दारात बूट काढले. मिसेस बेकफर्ड यांनी प्रणवकडे बघून मान डोलावली. घरंदाज दिसतात माणसं, असा त्याचा अर्थ.

प्लास्टिकची कव्हरं आज काढलेली होती. आल्याचा केक कापून ठेवला होता. सगळे बसले, आणि प्रणवशेजारच्या खुर्चीत मिसेस बेकफर्डही बसल्या.

"ही इथे बसते?" केतकर मराठीत म्हणाले, चेहऱ्यावर हसू कायम ठेवून. "भाडेकरूला दिवाणखान्यात? तुम्ही फार मऊ आहात बुवा."

"काय म्हणतात?" मिसेस बेकफर्ड यांनी प्रणवला विचारलं.

"खोली सुंदर आहे म्हणतात."

त्या प्रसन्न झाल्या. केकची बशी त्यांनी मीनाक्षीताईंपुढे धरली.

"अंडं असणार हो यात," मीनाक्षीताई नवऱ्याच्या कानाशी म्हणाल्या, आणि मोठ्याने इंग्रजीत, "नो नो, आज माझा उपास." मग प्रणवने आणलेल्या पुड्यातलं बिस्किट त्यांनी चहात बुडवलं. मिसेस बेकफर्ड यांची नजर बिस्किटापाशी जरा थांबली. जन्मभर बिस्किटं भरलेल्या बाईला बिस्किटात काय असतं ते ठाऊक होतं. प्रणवनेही बिस्किटच उचललं. आसावरीने मात्र केक घेतला, आणि खाता खाता ती भिंतीकडे बघत राहिली.

केतकर रंगात आले होते. "आमच्या पुण्याच्या चाळीतला भाडेकरू ऐका. बाबांनी ठेवला, बाबा गेले, तो आहे. आता त्याचा नातू आहे. चाळीस रुपये देतो आणि वर नळ दुरुस्त करा म्हणतो! म्हणून सांगतो, हे काम लग्नाआधी उरकून टाका. तुमचं तोंड उचलत नसेल तर मी विचारतो, त्यात काय?"

"नको, मी बघतो नंतर..."

पण केतकर वळले होते. "सो, मिसेस... केव्हा जाणार तुम्ही?"

मिसेस बेकफर्ड हसल्या. हा प्रश्न त्यांना या देशात बसमध्ये, दुकानात, कारखान्याच्या रांगेत विचारून झाला होता. "परत जायचं नाही मला. नवरा इथे पुरलाय माझा."

"देश नाही हो! या घरातून. मालकाचं लग्न आहे ना आता." आणि केतकरांनी मालक म्हणून प्रणवच्या खांद्यावर थाप मारली.

मिसेस बेकफर्ड यांनी प्रणवकडे पाहिलं. रागाने नाही, नोट खरी की खोटी बघायला उजेडात धरावी, तसं. एक वाक्य पुरे होतं. ते त्याच्या जिभेवर आलंही होतं. पण त्याच जिभेवर हॅरोचं ऑफिस होतं, उन्हाळा होता, परमिट होतं. तो काचेच्या माशांकडे बघत बसला.

"मालक सांगतील तेव्हा," मिसेस बेकफर्ड म्हणाल्या.

मग त्या उठल्या आणि बश्या गोळा करू लागल्या. स्वतःच्या खोलीत, स्वतःच्या बश्या. मीनाक्षीताईंनी रिकामा कप पुढे केला, तो त्यांनी घेतला.

"स्वभावाने चांगली आहे हो," मीनाक्षीताई म्हणाल्या. "कामालाही ठेवता येईल."

निघताना आईबाप गाडीकडे गेले आणि आसावरी बुटाची नाडी बांधत मागे राहिली. तिचं मराठी पिनरमध्ये वाढलेलं. "भिंतीवरचा फोटो सगळा तिचा का आहे?"

"जुन्या आहेत ना त्या. काढू देत नाहीत."

"ओके," आसावरी म्हणाली, आणि नाडीची गाठ सोडून पुन्हा बांधली.

प्रणव आत आला तेव्हा मिसेस बेकफर्ड सोफ्याला प्लास्टिक चढवत होत्या. "हे टोक धर," त्या म्हणाल्या. त्याने धरलं.

"मला सांगायचं होतं तुम्हाला, पण..."

"घट्ट धर. सुरकुती राहते." त्यांनी कव्हर कोपऱ्यात खोचलं. "हे घर विकणारा साहेब होता ना, तो काळ्यांना दारात उभं करत नसे. मग कारखान्यातली माझी आयरिश मैत्रीण, नूनन, ती गिऱ्हाईक झाली. हॅट घालून आली. आणि मी तिची कामवाली. बादली घेऊन तिच्या मागे मागे. ती साहेबाशी बोलायची आणि मी फडकं मारायच्या निमित्ताने ओल कुठे आहे ते बघायची. या खिडकीखाली होती. साहेबाने मला सांगितलं, ए, तिथलंही पूस." दुसरं कव्हर त्यांनी झटकलं. "पुसलं मी. पण ते माझ्या घरासाठी होतं, आणि नूननने बाहेर पडल्यावर माझी बादली स्वतः उचलली. रस्ताभर रडत होती बाई."

प्रणवच्या हातातलं टोक सुटलं. त्यांनी ते स्वतःच खोचलं.

"तू केक तरी खायचास," त्या म्हणाल्या. "महिनाअखेर खोली रिकामी कर."

दुसऱ्या दिवशी आपण खरं सांगणारच होतो, असं प्रणव अजूनही स्वतःला सांगतो. पण केतकरांचा फोन आधी आला. मुलगा पसंत होता. आता पसंतीला नाही कसं म्हणायचं, हा शिष्टाचाराचा प्रश्न त्याने पुढे केला आणि त्याच्या आडोशाला जाऊन उभा राहिला. रजिस्टर लग्न झालं. म्हातारी कायद्याने हलत नाही, वकील बघतोय, तोवर तुमच्याकडेच राहतो, असं म्हणून तो सुटकेस घेऊन पिनरला आला, तो तिथेच आहे. खोली लहान आहे. खिडकीतून सासऱ्यांची गाडी दिसते.

दर रविवारी पानं वाढली की केतकर विचारतात, "काय, निघाली का म्हातारी?"

"अजून नाही."

"तुम्ही मऊ पडता. परत एकदा मीच येतो बोलायला."

"नको, नको. वकील म्हणतो थांबा."

अशा वेळी आसावरी ताटाकडे बघते. तिला पहिल्या दिवसापासून ठाऊक आहे. कोणाच्या घरात कोणाचे फोटो असतात हे कळायला मराठी चांगलं लागत नाही. लग्नाआधी तिने वाट पाहिली, हा सांगेल म्हणून. लग्नानंतरही पाहिली. आता बापाला सांगितलं तर नवरा खोटा पडतो, नाही सांगितलं तर आपण. एकदा जिन्यात ती प्रणवला इंग्रजीत एवढंच म्हणाली, "घर नसतं तरी मी हो म्हटलं असतं." तो म्हणाला, "हळू बोल, बाबा ऐकतील."

तर हिशेब असा. प्रणवला व्हिसा मिळाला, पिनरचा पत्ता मिळाला, आणि खोटं बोलायला दर आठवड्याला एक रविवार मिळाला. केतकरांना दूरदृष्टीचा जावई मिळाला; त्यांना झळ लागलेली नाही, आणि हिशेबही कोणी दाखवणार नाही. मिसेस बेकफर्ड यांनी एका दुपारपुरती किंमत मोजली, महिनाअखेर खातं बंद केलं आणि मागच्या खोलीला नवा भाडेकरू बघितला. बाकी सगळं आसावरी भरते आहे, दर रविवारी, वरण कालवता कालवता.