डुंबरे सरांचा माणूस

रखमाजी डुंबऱ्यांनी पुठ्ठा छातीशी धरला, जरा खाली घेतला, पुन्हा वर केला. पुठ्ठ्यावर त्यांनी काळ्या शाईनं, इंग्रजीत, पाहुण्याचं नाव लिहिलं होतं: एडमंड थॉर्नली. ओतूरच्या एसटी स्टँडवर गोरा माणूस ओळखायला पुठ्ठा लागत नाही. पण हातांना काहीतरी काम हवं होतं.

“सर, मंत्री येनार हाय का कुनी?” टपरीतून चहावाला भगवंत ओरडला.

“राजदूत,” सर म्हणाले. “माजी.”

“मंग हार न्हाई आनला?”

सरांनी पुठ्ठा आणखी वर धरला.

नऊ वर्षांपूर्वी, शाळेतून निवृत्त झाल्यावर, त्यांनी ब्रिटिश राजदूतांवर मराठीत पुस्तक लिहायला घेतलं होतं. जहांगीराच्या दरबारी तीन वर्षं काढलेल्या टॉमस रोपासून ते सुरू होत होतं आणि संपत नव्हतं. एका जुन्या मासिकात थॉर्नली नावाच्या राजदूताचा लेख सापडला, तेव्हा सरांनी मासिकाच्या पत्त्यावर एकच प्रश्न लिहून पाठवला. राजाला अधिकारपत्र देऊन झालं, बँड थांबला, की त्या पहिल्या संध्याकाळी राजदूत काय करतो?

तीन पानी उत्तर आलं. पहिलं वाक्य होतं: एकटा जेवतो.

तेव्हापासून महिन्याला एक पत्र येई. तपकिरी शाई, आणि शेपटीवाल्या अक्षरांच्या शेपट्या खालच्या ओळीत लोंबणाऱ्या. ‘तुमची अक्षरं मात्र संचलनाला उभी राहिल्यासारखी दिसतात,’ असं थॉर्नलींनी एकदा कळवलं होतं. फोटो दोघांनीही कधी पाठवला नाही. बायको, प्रयागबाई, गेल्यापासून वीजबिल सोडलं तर सरांच्या नावानं घरात येणारं तेवढंच एक होतं. सर प्रत्येक उत्तर तीनदा लिहीत, शब्दकोश मांडीवर घेऊन. त्या पत्रांतला डुंबरे सफाईनं बोलायचा, क्वचित विनोदही करायचा. स्टँडवर उभ्या असलेल्या डुंबऱ्यांनी मात्र कित्येक वर्षांत तोंडानं एक इंग्रजी वाक्य उच्चारलं नव्हतं. आणि गेल्या पत्रात थॉर्नलींनी कळवलं होतं: भारतात येतोय, डोंगरातल्या मुक्कामाकडे जाताना ओतूरला तासभर थांबेन.

पांढरी गाडी आत आली. काठी टेकत एक उंच, वाकलेला म्हातारा उतरला आणि पुठ्ठ्यासमोर येऊन थांबला. दोन शब्दांचं नाव वाचायला लागावा त्याहून बराच जास्त वेळ तो पुठ्ठ्याकडे बघत राहिला.

‘मी रखमाजी डुंबरे’ हे वाक्य सरांनी आठवडाभर घोकलं होतं. ओठांवर आलं ते वेगळंच.

“मिस्टर डुंबरे पुण्याला गेले. दवाखाना. मला पाठवलं.”

बोलून गेल्यावर त्यांच्या कानशिलांना घाम फुटला. पण निरोप्याच्या तुटक्या इंग्रजीचं कुणाला काय वाटणार?

म्हाताऱ्यानं पुन्हा एकदा पुठ्ठ्याकडे पाहिलं.

“वाईट झालं,” तो सावकाश म्हणाला. “पण माझंही तेच आहे. थॉर्नलीसाहेबांचे गुडघे साथ देत नाहीत. त्यांनीही मला पाठवलंय.”

सरांना आधी सुटल्यासारखं वाटलं. मग लक्षात आलं. म्हणजे ते आलेच नाहीत.

दोघं टपरीपुढच्या बाकावर बसले.

“डुंबरे सर, पावन्यास्नी बिनसाखरेचा का?” भगवंतनं विचारलं.

सरांनी पुठ्ठा चटकन बाकावर पालथा ठेवला.

“काय म्हणतो तो?” पाहुण्यानं विचारलं.

“डुंबरे सरांची तब्येत विचारतो.”

“भला माणूस आहे.”

चहा आला. पाहुण्यानं दोन घोट घेतले. मग सरांनीच विचारलं, “तुमचे साहेब कसे आहेत?”

“साहेब चौतीस वर्षं ‘माझ्या सरकारचं म्हणणं असं आहे’ एवढंच बोलत आले. निवृत्त झाल्यावर गावातल्या दुकानदारानं विचारलं, कुठला पाव देऊ? मिनिटभर उत्तर सुचलं नाही. सरकारचं त्यावर काही म्हणणं नव्हतं.”

सर हसले. पाहुणाही हसला, पण लवकर थांबला.

“घरी कोण असतं?” सरांनी विचारलं.

“बायको होती. दर तीन वर्षांनी नवा देश, नवं घर. ती तेच जुने पडदे नव्या खिडक्यांच्या मापानं उसवायची, शिवायची. आता खिडक्या बदलत नाहीत.” त्यानं कप बाकावर ठेवला. “आणि तुमचे सर?”

“घाबरट आहेत,” सर म्हणाले आणि त्यांचं त्यांनाच नवल वाटलं. “चारशे पानं झाली. शेवटचं प्रकरण दोन वर्षं अडलंय. त्यांना वाटतं, जो माणूस पुण्याच्या पलीकडे गेला नाही, त्यानं राजदूतांवर कशाला लिहावं? या महिन्यात सगळं फडक्यात बांधून माळ्यावर टाकणार आहेत.”

हे त्यांनी एकाही पत्रात लिहिलं नव्हतं. वाक्यं मध्येच तुटत होती, पण थांबत नव्हती.

“हे मी साहेबांना कळवू?”

सरांनी होकाराची मान हलवली.

पाहुण्यानं खिशातून पेन आणि एक जुनं पाकीट काढलं, गुडघ्यावर ठेवून काही ओळी लिहिल्या, घडी घातली. “फक्त मिस्टर डुंबऱ्यांसाठी,” तो गंभीरपणे म्हणाला. “आणि हा पुठ्ठा मला द्याल? साहेबांना दाखवायचाय.”

गाडीचा ड्रायव्हर सुनील घाई करत होता. “चला, बाबा. तळेघरच्या म्होरं लई धुकं आसतंय. उजेडी पोचाया पायजे.”

हात मिळवून झाला. गाडी फाटकापर्यंत गेली आणि थांबली. एक एसटी वाट अडवून मागं घेतली जात होती, कंडक्टर शिट्ट्या मारत होता.

पाकीट निरोप्यानं उघडायचं नव्हतं. सरांनी उघडलं.

शाई तपकिरी होती. अक्षरांच्या शेपट्या खालच्या ओळीत लोंबत होत्या.

‘प्रिय डुंबरे, परत आलेल्या माणसाचं काय होतं, ते शेवटच्या प्रकरणात लिहा. ते कुणी लिहिलेलं नाही. काही बांधून ठेवू नका. मी वाट पाहतो आहे.’

सरांनी मान वर केली. गाडीच्या मागच्या काचेआड म्हातारा पुठ्ठा मांडीवर घेऊन बसला होता. संचलनाला उभ्या राहिलेल्या अक्षरांवरून त्याचं बोट एकेक करत पुढं सरकत होतं.

एसटी अजून वळत होती. सर चालत गाडीपाशी गेले. काच खाली आली. घोकलेलं वाक्य आता आठवत होतं, शब्दन् शब्द. पण दुसरंच जास्त खरं वाटलं.

“डुंबरे सरांना,” ते म्हणाले, “निरोप पोचला.”