थोरली पुन्हा नवी होते

इस्त्रीच्या रुळात चादर घालायला दोन बायका लागतात. एकीने उजवा कोपरा धरायचा, दुसरीने डावा, आणि उजवीकडचीने "हं" म्हटलं की दोघींनी एकदम सोडायचा. जरा मागंपुढं झालं की चादर तिरपी जाते, आणि तिरपी गेलेली चादर पलीकडून ज्या अवतारात बाहेर येते तो हॉटेलातल्या पाहुण्यांना दाखवण्यासारखा नसतो.

हॉटेलांच्या चादरी धुणाऱ्या त्या कारखान्यात थोरली वर्षानुवर्षं उजवीकडे उभी होती. घरी नवरा तिचं ऐकत नसे, मुलगी तर ऐकू येत नसल्यासारखीच वागे. पण इथं तिच्या एका अक्षरावर वाफेने तापलेलं लोखंड चादर गिळत असे. एवढी सत्ता पुष्कळ मंत्र्यांनाही लाभत नाही.

डावीकडे काही महिन्यांपासून तिची धाकटी जाऊ होती. थोरलीनेच तिला इथं आणलं, थोरलीनेच शिकवलं. शिकवताना जे बोलायचं ते बोललीच, शिवाय घरात बोलायचं राहून गेलेलं बरंचसं त्यातच उरकून घेतलं.

एके दिवशी जेवणाच्या सुट्टीत धाकटी घाईघाईनं डबा बंद करत म्हणाली, "ताई, आज मी जरा लवकर सटकते हं. मशीन यायचंय घरी. कपडे धुवायचं."

"दिवसभर इथं धुतेस ते पुरत नाही वाटतं? हप्त्यावर घेतलंस?"

"छे हो, रोख. जॉइनिंग बोनस मिळाला होता ना, तो ठेवला होता जपून."

"कसला बोनस?"

"जॉइनिंग बोनस. आल्याबद्दल देतात तो. तुम्हाला नाही मिळाला?"

थोरलीचा घास तोंडात तसाच राहिला. ती रुजू झाली तेव्हा आल्याबद्दल तिला एक अ‍ॅप्रन मिळाला होता, तोही आधीच्या बाईचा. तिने रक्कम विचारली. धाकटीने सांगितली. थोरलीने पाणी मागितलं.

वरच्या मजल्यावर काचेच्या खोलीत बसणाऱ्या अधिकाऱ्याला सगळे भरतीसाहेब म्हणत. तो इतका गोड बोले, की माणसं नकार घेऊन बाहेर पडायची आणि जिना उतरेपर्यंत त्याचे आभार मानायची.

"बसा ना, ताई," तो म्हणाला. "त्याचं असं आहे, की हा बोनस माणसांनी यावं म्हणून असतो. तुम्ही तर आलेल्याच आहात."

"आलेय म्हणूनच विचारतेय."

"पण तुम्हाला ओढून आणायची गरजच काय? तुम्ही थोड्याच कुठे जाताय?" तो प्रेमळ हसला. "मनापासून सांगतो, तुम्ही आज नव्या असतात ना, तर तुमच्यासारख्या बाईला मी डोळे मिटून बोनस दिला असता."

'या ना एकदा जेवायला' असं म्हणतात, त्या सुरात तो हे म्हणाला. पण थोरलीला कुणी जेवायला बोलावलं तर ती वार विचारायची. तिने खाली येऊन हात धुतले, पुन्हा वर गेली आणि राजीनामा दिला.

"डोकं ठिकाणावर आहे का तुझं?" नवऱ्याने विचारलं.

"तुमचं जन्मभर ठिकाणावरच आहे. त्याचा काय उपयोग झाला?"

भरतीसाहेबाने निरोप समारंभ केला, थोरलीच्या निष्ठेवर चार शब्द बोलला आणि फुलं दिली. ती फुलं सुकायच्या आत थोरली नव्या बायकांच्या रांगेत मुलाखतीला येऊन बसली. दारातून आत आलेली बाई पाहून त्याचं हसू आयुष्यात पहिल्यांदा अर्धवट राहिलं.

"तुम्ही?"

"तुम्हीच म्हणाला होतात, नव्या असतात तर. झाले नवी."

त्याने नियम चाळले. मुख्य कार्यालयाने नियम करण्यात कसूर ठेवली नव्हती. पण एखादी बाई परत येण्यासाठी निघून जाईल, हे तिथल्या कुणाच्या स्वप्नातही आलं नव्हतं. शिवाय रुळाजवळ चादरींचे ढीग खिडकीपर्यंत चढले होते आणि हॉटेलवाले फोनवर ओरडत होते. भरतीसाहेबाने तिला घेतलं. सही केल्या केल्या बोनस मिळाला. तिच्या डोक्याबद्दल शंका असलेल्या नवऱ्यानेच दुकानात जाऊन सोफा पसंत केला आणि सगळ्यांच्या आधी त्यावर आडवा झाला.

कामाच्या पहिल्या दिवशी भरतीसाहेबाने तिला काचेच्या खोलीत बोलावलं.

"नव्या माणसाला सहा महिने उमेदवारी असते, ताई. मशीनवर कायम झालेल्या बाईच्या हाताखाली."

"बरं. मग रुळावर कायम कोण आहे आता?"

दोघांनी काचेतून खाली पाहिलं. उजवीकडे, थोरलीच्या जागी, धाकटी कमरेवर हात ठेवून उभी होती.

"गेल्याच आठवड्यात कायम झाल्या," भरतीसाहेब कौतुकाने म्हणाला. "तुम्हाला जमतंय की नाही, हे आता त्याच ठरवणार."

थोरलीने खुर्चीचा हात धरला. "आणि ती नाही म्हणाली तर?"

"तर मग जावं लागतं. बोनस परत करून."

"अहो, पण मीच शिकवलंय तिला!"

"म्हणूनच तर काळजी नाही. शिक्षण चांगलंच मिळणार तुम्हाला."

थोरली जिना उतरली. आपले पाय आपल्या मागून येताहेत, असं तिला वाटत होतं.

"या, ताई," धाकटी म्हणाली. आवाज अगदी नेहमीचा. "डावीकडे."

पहिली चादर तिरपी गेली. दुसरीही तिरपी गेली.

"ताई, मी हं म्हणायच्या आधी सोडू नका."

"तू उशिरा म्हणतेस."

"म्हणत असेन उशिरा. पण हं म्हणायचं मीच."

तिसऱ्या वेळी थोरलीच्या हाताने सवयीने कोपरा सोडला तेव्हा धाकटीच्या मुठीतला कोपरा अजून तिथंच होता. चादर पिळवटून रुळात अडकली. करपल्याचा वास सुटला, धाकटीने लाल बटण दाबलं आणि वाफ फुसकारत बंद पडली. आजूबाजूच्या घडी घालणाऱ्या बायकांचे हात थांबले. भरतीसाहेब खाली आला.

"बोला, ताई, काय करायचं?" त्याने विचारलं. "जमेलसं वाटतं का?"

थोरली उत्तर द्यायला तोंड उघडणार, तेवढ्यात तिच्या लक्षात आलं, की तो आपल्याकडे बघतच नाहीये. या जागेवरची ताई आता दुसरी होती.

धाकटीने सावकाश हात पुसले. तिला घाई नव्हती. थोरलीच्या डोळ्यांसमोरून रूळ गेला, पगार गेला, दुकानदार सोफा परत घेईल का हा प्रश्न गेला आणि त्या सोफ्यावर आडवा पडलेला नवराही गेला. नाही म्हणायला धाकटीकडे कारणं होती. थोरलीनेच ती एकेक करून पुरवली होती.

"जमेल," धाकटी शेवटी म्हणाली. "हात चांगला आहे त्यांचा. तोंड जरा कमी चाललं, तर लवकर जमेल."

मागं कुणीतरी हसू दाबताना खोकलं. थोरली लग्न होऊन आल्यापासून त्या घराण्यात कुणी तिच्या तोंडाबद्दल तिच्या तोंडावर बोललं नव्हतं. तिचे ओठ उघडले. भरतीसाहेब अजून तिथंच उभा होता. ओठ मिटले.

रूळ पुन्हा तापला. दोघींनी नवी चादर उचलली. थोरलीची बोटं सोडायला निघाली, तिने ती आवळून धरली. पुढं तापलेलं लोखंड, पलीकडे धाकटीचे मिटलेले ओठ, आणि मधे ताणलेली पांढरीशुभ्र चादर. थोरली वाट बघत राहिली. आयुष्यात एवढा वेळ ती कुणाच्या बोलण्यासाठी थांबली नव्हती.

"हं," धाकटी म्हणाली.

दोघींनी सोडलं. चादर सरळ गेली, सरळ बाहेर आली, एक चुणी नाही. थोरली त्या चादरीकडे बघतच राहिली. बोनस, उमेदवारी, तोंडाबद्दलचं ते वाक्य, सगळ्यांपेक्षा मोठा धक्का तिला दुसरीच्या 'हं'वर सरळ गेलेल्या त्या चादरीचा बसला.

"बघा," पुढची चादर ओढत धाकटी म्हणाली, "येतं की तुम्हाला."