खिडक्या बसवणारा दादा

मावशीच्या कथेतली बाई रोज सकाळी उठते तेव्हा घरातली एक खिडकी नाहीशी झालेली असते. तिथे कोरी भिंत. बाई केस विंचरते, कुणाला काही बोलत नाही. बस्स, एवढीच कथा. भाचीने तिच्यावर लघुपट काढायला घेतला आणि स्वतःची झोप घालवून बसली.

मावशीची अट एकच. आधी मला दाखव, मग हो की नाही ते सांगते. नाही म्हटलं तर फिल्म डब्यात.

संकलन भाचीच्या मोठ्या भावाकडे. त्याची हयात जाहिराती कापण्यात गेलेली. दोन शॉटमध्ये साधी कुंडी सरकलेली दिसली तरी हा ती जागेवर आणून ठेवणार. पटकथा वाचायला वेळ कुणाला? शॉट आले, खिडक्या जुळेनात. बहीण मुळातच धांदरट. तिची चारचौघांत शोभा नको, म्हणून आठवडाभर डोळे फोडून त्याने प्रत्येक गायब खिडकी आधीच्या शॉटमधून उचलून जागच्या जागी बसवली. सांगितलं मात्र नाही. उपकार बोलून दाखवणाऱ्यातला तो नव्हे.

तिला कळलं ते मावशीच्या शेजारी बसल्यावर.

इथे भिंत हवी. खिडकी आहे.

इथेही भिंत हवी. खिडकी आहे!

बाई उघड्या खिडकीसमोर उभी. बाहेर झाड हलतंय आणि ही हवेला थापटत वाट शोधतेय.

भाचीने मांडीवर मांडी घातली, काढली, घातली. टेबलाखालून भावाला निरोप धाडला: खिडक्या कुठून आल्या? फिल्म बंद करायला हात पुढे केला, तर मावशीने न बघताच तो धरून खाली ठेवला.

संपल्यावर मावशीने चष्मा पुसला.

"मी लिहिताना भिंतीला भ्यायले होते गं. हिच्यापुढे खिडकी आहे आणि हिला ती दिसत नाही. असंच ठेव. दुसरं काही करणार असशील तर माझी कथा परत दे."

होकार मिळाला. पण तो दादाच्या खिडक्यांना मिळाला, हेच तिच्या पचनी पडेना. ती तशीच भावाकडे पळाली.

भाऊ घामाघूम. निरोप आल्यावर त्याने एकदाची पटकथा वाचली होती आणि आता शरमेने खिडक्या पुसत सुटला होता. पडद्यावर तिच्या भिंती एकेक करून परत येत होत्या. अगदी तिच्या मनात होत्या तशा.

"दादा, थांब. त्या खिडक्या परत बसव."

"आता काय झालं?"

"दिग्दर्शनात तुझंही नाव टाकावं लागणार," ती खुर्ची ओढत म्हणाली, "आणि मला ते अजिबात आवडलेलं नाही."